कुठेच न जाणारा जिना

इंग्लंडमधल्या अनेक जुन्या चर्चमध्ये मुख्य दालन जिथे संपते तिथल्या बाजूच्या भिंतीत एक अरुंद दार असते. आत गोल वळणारा दगडी जिना, एका वेळी एकच माणूस अंग चोरून चढेल इतका. वर चढून गेले की दुसरे दार लागते, आणि त्या दारापुढे काहीच नसते. जमिनीपासून दोन पुरुष उंचीवर ते रिकाम्या जागेत उघडते. एकेकाळी तिथे भिंतीपासून भिंतीपर्यंत लाकडी सज्जा होता, सज्ज्यावर मोठा क्रूस होता आणि क्रुसापुढचे दिवे लावायला याच जिन्याने वर जात. सोळाव्या शतकात सज्जा उतरवला गेला. जिना मात्र भिंतीच्या पोटात होता. तो काढायचा तर भिंतच फोडावी लागली असती, म्हणून तो राहून गेला.

मध्ययुगात बांधलेली आठ हजारांहून अधिक धर्मग्रामांची चर्च इंग्लंडमध्ये आजही उभी आहेत. त्यांचा इतिहास सहसा शैलींच्या नावांनी सांगितला जातो. कमान गोल आहे की टोकदार, खिडकीतली दगडी जाळी कशी विणली आहे, यावरून शतक ओळखायचे. ही पद्धत सोयीची आहे, पण ती शिकून झाली तरी भिंतीतला कोनाडा तिथे का आहे, खांबाला तिरके भोक का पाडले आहे आणि जिना हवेत का संपतो, हे कळत नाही. या गोष्टी पाथरवटाच्या लहरीतून आलेल्या नाहीत. वेदीवर नेमके काय घडते, मेलेल्यासाठी जिवंत माणसाला काही करता येते का, आणि मूर्तीपुढे गुडघे टेकणे ही भक्ती की अपराध, या तीन प्रश्नांना दिलेली ती उत्तरे आहेत. उत्तरे बदलली तेव्हा इमारती पाडल्या गेल्या नाहीत. त्यांचे काही भाग तेवढे निकामी झाले.

या तिन्हींच्या आधीचा एक प्रश्न याहूनही जुना होता: जागा पवित्र असते का? पोप ग्रेगरी यांनी पाठवलेला ऑगस्टीन इ.स. ५९७ मध्ये केंटला पोहोचला. तिथल्या राजाची फ्रँक वंशातली राणी बर्था आधीच ख्रिस्ती होती आणि कँटरबरीजवळच्या सेंट मार्टिनच्या चर्चमध्ये प्रार्थनेला जात असे. त्या चर्चच्या भिंतीत रोमन विटा अजून दिसतात. ६०१ मध्ये ग्रेगरी यांनी मेलिटस या धर्मप्रचारकाला पत्र लिहिले. बीडने ७३१ साली पूर्ण केलेल्या आपल्या इतिहासात ते जपून ठेवले आहे. मूर्तिपूजकांची देवळे पाडू नका, फक्त मूर्ती मोडा. पवित्र पाणी शिंपडा, वेदी उभारा, संतांचे अवशेष ठेवा, म्हणजे लोक सवयीच्या जागी येतील आणि खऱ्या देवाला भजतील, असा त्याचा आशय. हा सल्ला व्यवहारी होताच, पण त्यात एक तत्त्वही होते. दगड मुळात पवित्रही नसतो आणि अपवित्रही. विधीने तो एका बाजूचा दुसऱ्या बाजूला जातो. साडेनऊशे वर्षांनी इंग्लंडमध्ये हेच तत्त्व उलट दिशेने वापरले गेले.

डरहॅम परगण्यातल्या एस्कमचे चर्च सातव्या शतकातले आहे. जवळच्या रोमन किल्ल्याचे चिरे उचलून ते बांधले. आकार अगदी साधा: लांबट, उंच, अरुंद दालन, आणि पूर्वेला एका उंच चिंचोळ्या कमानीपलीकडे छोटी चौकोनी खोली. दालनाला नेव्ह म्हणतात, खोलीला चॅन्सेल. मराठी वाचकाला सभामंडप आणि गाभारा आठवतील, आणि तुलना पहिल्या पावलापुरती ठीकही आहे. पण गाभाऱ्यात देव वस्तीला असतो. चॅन्सेलमध्ये एक विधी घडतो, आणि मध्ययुगीन श्रद्धेप्रमाणे त्या विधीतून देव तिथे येतो. पुढची सगळी घडामोड या फरकाभोवती फिरते.

दहाव्या ते बाराव्या शतकांत जमीनदारांनी आपापल्या गावात चर्च बांधली, त्यांना हद्दी मिळाल्या, आणि हद्दीतल्या प्रत्येकाने पिकाचा, लोकरीचा, कोकरांचा दहावा हिस्सा चर्चला द्यायचा हा दशांश कायद्याने पक्का झाला. १०६६ नंतर नॉर्मन सत्ताधीशांनी जवळपास प्रत्येक मोठे कॅथीड्रल नव्याने उभारायला घेतले. १०९३ मध्ये सुरू झालेल्या डरहॅम कॅथीड्रलमध्ये दगडी फासळ्यांवर छत तोलण्याची युक्ती युरोपात फार लवकर दिसते. कँटरबरीचा पूर्वभाग ११७४ च्या आगीत जळाला, तेव्हा फ्रान्समधल्या सॉंसचा विल्यम बोलावला गेला. त्याने टोकदार कमानींची नवी रीत आणली. चार वर्षांनी तो परांचीवरून पडून जायबंदी झाला आणि काम दुसऱ्या, इंग्लिश विल्यमकडे गेले. सॉल्झबरी १२२० ते १२५८ एवढ्या कमी काळात, म्हणून एकाच शैलीत, उभे राहिले. शैलींची आज रूढ असलेली नावे १८१७ साली टॉमस रिकमनने दिली. तो क्वेकर घराण्यातला होता. वेदी, मूर्ती, पुरोहित यांतले काहीच न मानणाऱ्या पंथात वाढलेल्या माणसाने या इमारतींना नावे द्यावीत आणि ती दोनशे वर्षे टिकावीत, यातली गंमत फारशी कुणी नोंदवत नाही.

गावातल्या चर्चच्या दृष्टीने मात्र या सगळ्यापेक्षा रोमची १२१५ ची धर्मपरिषद मोठी. चौथी लॅटरन परिषद या नावाने ती ओळखली जाते. मिस्सेमध्ये, म्हणजे वेदीवरच्या त्या विधीत, भाकर आणि द्राक्षारस यांचे बाह्य रूप तसेच राहते, पण सत्त्व बदलून ते ख्रिस्ताचे शरीर आणि रक्त होते, हा सिद्धान्त तिने अधिकृत शब्दांत मांडला. रूप आणि सत्त्व वेगळे करता येतात का, हा तत्त्वज्ञांचा वाद होता आणि पुढेही राहिला. ऑक्सफर्डच्या जॉन विक्लिफने दीडशे वर्षांनी नेमका त्यावरच हल्ला चढवला. पण सिद्धान्त एकदा मान्य केला की त्याचे परिणाम थेट गवंड्यापर्यंत पोहोचतात.

उदाहरणार्थ, पाण्याचे काय करायचे? द्राक्षारसाचा प्याला विसळला की त्या पाण्यात रक्ताचा अंश असणार. ते मोरीत ओतता येत नाही. म्हणून वेदीच्या दक्षिणेकडच्या भिंतीत कोनाडा करून त्यात उथळ दगडी कुंडी बसवली जाई. तिच्या तळाला भोक, भोकातून भिंतीच्या आतून निघणारी वाट, आणि पाणी जाऊन मुरणार चर्चच्या पवित्र केलेल्या जमिनीत. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात अनेक ठिकाणी शेजारी शेजारी दोन कुंड्या दिसतात: एक पुरोहिताचे हात धुण्यासाठी, दुसरी प्याल्यासाठी. हाताला लागलेला मळ आणि प्याल्याला लागलेले रक्त एकाच भोकातून जाऊ नयेत इतका बारीक विचार त्यामागे आहे. पुढे प्याल्याचे पाणी पुरोहितानेच पिऊन टाकायची रीत पडली आणि कुंडी पुन्हा एकच झाली. सत्त्व आणि रूप यांवरचे ग्रंथ लॅटिनमध्ये आणि विद्यापीठांत. त्यांचा व्यवहारातला निकाल वीतभर खळग्यात.

दुसरा परिणाम नजरेचा. सामान्य माणसाने वर्षातून एकदा, ईस्टरला, पापांची कबुली देऊन ख्रिस्तशरीर ग्रहण करावे असे त्याच परिषदेने ठरवले. बहुतेकांसाठी ‘किमान एकदा’चे ‘फक्त एकदा’ झाले. उरलेल्या वर्षभर ग्रहणाची जागा दर्शनाने घेतली. मंत्र म्हणून झाल्यावर पुरोहित भाकर डोक्यावर उंच धरी, घंटा वाजे, आणि नेव्हमधले लोक मान वर करून पाहत. दर्शनानेच पुण्य लागते, त्या दिवशी आंधळेपण किंवा आकस्मिक मरण येत नाही, असे समज पसरले. बाजूच्या छोट्या दालनातून मुख्य वेदी दिसत नसेल तर मधल्या भिंतीला तिरके भोक पाडून नजरेची वाट केली जाई. काही लाकडी पडद्यांच्या खालच्या फळ्यांना गुडघे टेकलेल्या माणसाच्या डोळ्याच्या उंचीवर भोके आहेत. ती नक्षीत बसत नाहीत, सरळ रेषेतही नाहीत. ज्याला जिथून दिसेना त्याने तिथे ती पाडली असावीत.

हा पडदा चॅन्सेलच्या तोंडाशी उभा असे. खाली बंद फळ्या, त्यांवर संतांची चित्रे, वर कोरीव जाळी, त्यावर सज्जा, आणि सज्ज्यावर क्रुसावरचा येशू, त्याच्या एका बाजूला मरिया, दुसऱ्या बाजूला योहान. नॉरफोकमधल्या रॅनवर्थला चित्रांसह असा पडदा अजून आहे. पडद्याने लोकांना दूर लोटले असे म्हटले जाते, पण ते अर्धेच खरे आहे. पडद्याच्या अलीकडेही वेद्या असत, त्यांवर रोज मिस्सा होई, आणि ती लोकांच्या हाताच्या अंतरावर होई. शिवाय मालकीची वाटणी स्पष्ट होती. तेराव्या शतकात रूढ झालेल्या नियमाप्रमाणे चॅन्सेलची डागडुजी दशांश घेणाऱ्या रेक्टरने करायची, आणि नेव्हची गावाने. रेक्टरपद एखाद्या दूरच्या मठाकडे असले तर चॅन्सेलवर पैसा खर्च करायला तो मठ नाखूश असे. म्हणूनच बऱ्याच ठिकाणी चॅन्सेल बुटके, काळोखे, आणि नेव्ह उंच, भरपूर खिडक्यांची, देवदूत कोरलेल्या छताची दिसते. गावाने आपल्या बाजूला पैसा ओतला. पलीकडची बाजू ज्याची त्याने पाहावी.

फ्रान्समधल्या मांदचा बिशप दुरांदुस याने तेराव्या शतकाच्या अखेरीस चर्चच्या प्रत्येक भागाचा अर्थ लावणारा ग्रंथ लिहिला. खांब म्हणजे धर्मगुरू, चुना म्हणजे प्रेम, अशी त्याची रीत. वाचायला ते रंजक आहे. पण भिंत आधी आणि अर्थ नंतर, असा त्यातला बराच मामला आहे.

पडद्याच्या वर, कमानीवरच्या जागेत अंतिम न्यायाचे चित्र असे. सफोकमधल्या वेनहॅस्टनचे असे चित्र ओकच्या फळ्यांवर आहे. मिखाएल देवदूत तराजूत आत्मे तोलतो आहे, सैतान शेजारी टपून आहे. एका बाजूला पेत्र स्वागताला उभा आहे, आणि येणारे सगळे नागडे आहेत. राजाच्या डोक्यावर मुकुट आणि बिशपच्या डोक्यावर टोपी, एवढेच त्यांचे राहिले आहे. दुसऱ्या टोकाला नरकाचा जबडा, एखाद्या प्रचंड माशासारखा. चित्राच्या मधोमध क्रुसाच्या आणि दोन माणसांच्या आकाराच्या कोऱ्या जागा आहेत. तिथे मूर्ती चित्राला चिकटून उभ्या होत्या, त्यामुळे मागची फळी रंगवायचे कारण नव्हते.

तराजूतला निकाल मात्र दोनच तऱ्हेचा नव्हता. फार वाईट नाही आणि संतही नाही अशा माणसाचे काय? त्याने शुद्धिस्थानात पापांचे देणे भोगून फेडायचे, मग स्वर्ग. १२७४ च्या ल्योंच्या परिषदेने ही शिकवण मान्य केली आणि जिवंतांच्या प्रार्थना, दाने आणि विशेषतः मिस्सा यांमुळे तो भोग हलका होतो हेही सांगितले. जिवंत आणि मृत एकाच धर्मग्रामाचे सभासद झाले. मृत्युपत्रात तीस मिस्सांची, वर्षश्राद्धासारख्या वार्षिक मिस्सेची तरतूद सामान्य शेतकरीही करू लागला. ज्यांना परवडे ते कायमचा पुरोहित नेमून त्याच्या पगारासाठी जमीन लावून देत. अशा संस्थेला चँट्री म्हणत. तिच्यासाठी चर्चला बाजूचे दालन जोडले जाई किंवा दोन खांबांमध्ये दगडी जाळीची खोली उभी राही. राजा सातव्या हेन्रीने १५०९ मध्ये मरताना आपल्यासाठी दहा हजार मिस्सांची व्यवस्था केली. ऑक्सफर्डचे ऑल सोल्स कॉलेज १४३८ मध्ये स्थापन झाले तेसुद्धा फ्रान्समधल्या युद्धांत पडलेल्यांच्या आत्म्यांसाठी प्रार्थना व्हावी म्हणून.

लोकरीच्या आणि कापडाच्या व्यापारात गबर झालेल्या गावांची चर्च याच हिशेबातून वाढली. लॅव्हनम, लाँग मेलफर्ड, नॉर्थलीच ही त्यांतली ठळक. नॉर्थलीचला व्यापाऱ्यांच्या थडग्यांवरच्या पितळी पत्र्यांत ते मेंढीवर किंवा लोकरीच्या गठ्ठ्यावर पाय ठेवून उभे आहेत; ज्या धंद्यावर घर उभे राहिले त्यावरच. लाँग मेलफर्डच्या बाहेरच्या भिंतीवर, खिडक्यांच्या रांगेला धरून, गारगोटी आणि दगडाच्या जडावकामात दात्यांची नावे आणि त्यांच्या आत्म्यांसाठी प्रार्थनेची विनंती लिहिली आहे. आज ती जाहिरात वाटते. तेव्हा तो सौदा होता: आम्ही तुम्हाला खिडकी दिली, तुम्ही आम्हाला प्रार्थना द्या. मोठ्या उभ्या खिडक्यांची ही शैली १३४८-४९ च्या प्लेगमुळे, कुशल कारागीर मेल्यामुळे, जन्माला आली असे अजूनही सांगितले जाते. ग्लॉस्टरमध्ये ती प्लेगच्या आधीच दिसते, त्यामुळे ते खरे नाही. प्लेगने फार तर मृत्यूची घाई शिकवली आणि मागे राहिलेल्यांच्या हाती पैसा ठेवला.

तिसरा प्रश्न मूर्तींचा. ग्रेगरी यांनीच मार्सेच्या बिशपला बजावले होते की चित्रे ही निरक्षरांची पुस्तके आहेत. ती पुजू नयेत, पण फोडूही नयेत. पुढच्या पंडितांनी मूर्तीला दिलेला मान मूळ व्यक्तीला पोहोचतो अशी मांडणी केली. विक्लिफच्या अनुयायांना, लोलार्डांना, ही पळवाट वाटली. लाकडाला मेणबत्ती आणि दाराशी आलेला गरीब उपाशी, हा त्यांचा मुख्य आक्षेप. १४०१ पासून पाखंड्यांना जाळण्याचा कायदा होता, तरी हा आक्षेप विझला नाही. आठव्या हेन्रीने १५३४ मध्ये रोमशी संबंध तोडला आणि १५३८ मध्ये यात्रेकरू ज्यांच्यासाठी येत त्या मूर्ती उतरवण्याचा हुकूम काढला, तेव्हा जुना आक्षेप सरकारी भाषेत आला. गंमत म्हणजे मूर्तींपुढचे दिवे विझवतानाही सज्ज्यावरच्या क्रुसाचा दिवा त्या हुकुमाने ठेवू दिला.

हेन्री १५४७ च्या जानेवारीत वारला. आपल्या आत्म्यासाठी विंडसरला कायम मिस्सा व्हाव्यात अशी तरतूद त्याच्या मृत्युपत्रात होती. त्याच वर्षाच्या डिसेंबरात त्याच्या मुलाच्या नावाने पार्लमेंटने देशातल्या सगळ्या चँट्री बरखास्त केल्या. दोन हजारांहून अधिक चँट्रींच्या जमिनी राजाकडे आल्या. शुद्धिस्थान नाही, म्हणून तिथून सोडवणारा पगारी पुरोहित नाही, म्हणून त्याची जमीनही नाही, असा हा तर्क. पहिल्या वाक्यावर किती जणांचा विश्वास होता आणि शेवटच्या वाक्यावर किती जणांचा डोळा, हे वेगळे करता येत नाही.

डेव्हनमधल्या मोरबाथ या तीसेक घरांच्या गावात क्रिस्टोफर ट्रिकी १५२० पासून १५७४ पर्यंत धर्मगुरू होता. चर्चचे हिशेब तो लिही आणि गावाला वाचून दाखवी. मृतांसाठीच्या मिस्सेत घालायची काळी वस्त्रे विकत घ्यावीत म्हणून त्याने सुमारे वीस वर्षे पै-पै साठवली. ती वस्त्रे आली १५४७ मध्ये. त्याच वहीत पुढे मूर्ती उतरवल्याचा, सामान विकल्याचा, आणि १५५३ नंतर जुना धर्म परत आणणाऱ्या मेरी राणीच्या काळात गावकऱ्यांनी घराघरांत लपवलेल्या वस्तू परत आणून दिल्याचा हिशेब येतो. मग पुन्हा उतरवणे. चार राजवटी आणि एकच हस्ताक्षर.

१५५० मध्ये दगडी वेद्यांच्या जागी लाकडी टेबले ठेवण्याचा हुकूम निघाला. वेदी म्हटली की बळी आला. टेबल म्हटले की जेवण. एका फर्निचरच्या बदलात सगळा सिद्धान्त मावला. १५६१ मध्ये एलिझाबेथ राणीच्या आज्ञेने क्रुसाचे सज्जे तुळईपर्यंत कापून काढायचे ठरले, पण पडदा ठेवावा, चॅन्सेल वेगळे राहावे, असेही त्याच आज्ञेत होते. रॅनवर्थसारखे पडदे वाचले त्याला ही तडजोड कारण आहे. क्रुसाच्या जागी राजचिन्ह लागले. कोनाडे रिकामे झाले, कुंड्या बुजवल्या गेल्या, चित्रांवर चुन्याचा हात फिरला. वेनहॅस्टनच्या फळ्यांवरही चुना चढला. त्या १८९२ च्या दुरुस्तीत जुनाट लाकूड म्हणून काढून अंगणात टाकल्या, रात्री पाऊस झाला, आणि सकाळी चुन्याखालून चेहरे वर आले. मिटवण्यासाठी वापरलेल्या चुन्यानेच रंग जपला होता.

यादवी युद्धाच्या काळात, १६४३-४४ मध्ये, विल्यम डाउझिंग पार्लमेंटच्या अधिकारपत्रासह केंब्रिजशर आणि सफोकमधली अडीचशेच्या आसपास चर्च फिरला, आणि कुठे किती चित्रे फोडली याची रोजनिशी ठेवली. ब्लाइदबरोच्या छतावरचे लाकडी देवदूत त्याच्या माणसांनी गोळ्या घालून जायबंदी केले अशी कथा आहे. त्यांच्यात सापडलेले छरे अठराव्या शतकातले. छतात घुसलेल्या कावळ्यांसारख्या पक्ष्यांवर झाडलेले. जे मोडले त्याचे खापर एकट्या डाउझिंगवर फोडण्याची सवय जुनी आहे. खरे काम त्याच्या शंभर वर्षे आधी, हुकमाप्रमाणे, गावच्याच सुतारांनी केले होते.

१८३९ मध्ये स्थापन झालेल्या केंब्रिज कॅम्डन सोसायटीला हे रिकामे अवयव पुन्हा भरायचे होते. तिच्या दोघा संस्थापकांनी १८४३ मध्ये दुरांदुसचा ग्रंथ इंग्रजीत आणला. खोल चॅन्सेल हवे, पूर्वेला तोंड हवे, तेराव्या-चौदाव्या शतकाचे वळण हवे, हा आग्रह त्यांच्या प्रभावाने साम्राज्यभर पोहोचला. मुंबईत कुलाब्याचे अफगाण चर्च, १८४७ मध्ये पाया घातलेले आणि १८५८ मध्ये पवित्र केलेले, त्याच वळणाचे. पहिल्या अफगाण युद्धात मेलेल्या सैनिकांचे ते स्मारक आहे. पाच शतकांपूर्वी अशा इमारतीत त्यांच्या आत्म्यांसाठी रोज मिस्सा झाली असती. इथे भिंतीवर नावे आहेत. इंग्लंडमध्ये या उत्साहाने जुन्या चर्चचे प्लास्टर खरवडले, नंतरच्या काळाची भर काढून टाकली, आणि न घडलेले मध्ययुग उभे केले. १८७७ मध्ये विल्यम मॉरिसने त्याविरुद्ध संस्था काढली. प्रत्येक काळाची खूण जशी आहे तशी ठेवा, हे तिचे म्हणणे. 

दगडाबाहेरही एक अवशेष राहिला होता. आठव्या हेन्रीने मठ बंद केल्यावर त्यांचे दशांशाचे हक्क विकले गेले, आणि त्यांच्याबरोबर चॅन्सेल दुरुस्त करण्याची जबाबदारीही जमिनीला चिकटून नव्या मालकांकडे गेली. वॉरिकशरमधल्या ॲस्टन कँटलो इथल्या एका जोडप्याला वारशाने मिळालेल्या शेतजमिनीपायी गावच्या मध्ययुगीन चॅन्सेलचा खर्च भरण्याची नोटीस आली. २००३ मध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सने निकाल त्यांच्याविरुद्ध दिला. मग कायदा बदलला: १३ ऑक्टोबर २०१३ च्या आधी चर्चने हा बोजा जमिनीच्या दफ्तरात नोंदवला नाही, तर त्यानंतर जमीन विकत घेणाऱ्यावर तो चढणार नाही. काही धर्मग्रामांनी मुदतीआधी नोंद केली. काहींनी शेजाऱ्यांशी वाकडे नको म्हणून हक्क सोडून दिला.